एक ग्लास पीठ, दीड ग्लास दूध

साल्का मामी जाण्याआधी ब्लिन्त्सची, म्हणजे सारण भरलेल्या पातळ धिरड्यांची, कृती लिहून गेली, पण ग्लास कोणता ते लिहायचं राहून गेलं. पुढचं सगळं त्या एका गोष्टीमुळे झालं. सिडनीच्या फिशेलचा मृत्यूसुद्धा त्यामुळेच झाला, पण तो जेमतेम एक दिवस टिकला.

कृती औषधाच्या दुकानातल्या पाकिटाच्या पाठीवर होती, मामीच्या यिद्दिश अक्षरात, म्हणजे घाईत असलेल्या मुंग्यांसारख्या:

एक ग्लास पीठ. दीड ग्लास दूध, त्यातलं थोडं पाणी. तीन अंडी. मीठ, पण वेड्यासारखं नको. एकच बाजू भाजायची. पहिला फुकट जातो, वाईट वाटून घेऊ नये. लायबिशला तव्याजवळ येऊ देऊ नये.

लायबिश म्हणजे माझा मामा. वय एकोणसत्तर. त्याने चाळीस वर्षं मेलबर्नच्या कार्लाइल स्ट्रीटवर एका दुकानाच्या मागच्या खोलीत बसून चष्म्यांच्या काचा घासल्या. पाव नंबर इकडचा तिकडे झाला तर माणूस ट्राम समजून झाडात चढतो, असं तो म्हणायचा. मामी गेल्यावर तीन वर्षांत त्याने स्वतःच्या हाताने एकच पदार्थ केला होता, उकडलेलं अंडं, आणि तेही एकदा गॅसवर विसरला होता. मी त्याच्याकडे दोन वर्षांपासून तात्पुरती राहते. स्वयंपाक मीही करत नाही. आम्ही दोघं बेकरीवर जगतो.

वरच्या मजल्यावर पेर्लाबाई झिंगेर राहतात. त्याही एकट्या, नवरा बेनेक जाऊन सहा वर्षं झालेली. शवुओस हा आमचा ज्यूंचा सण संपला की सोमवारी त्या सिडनीला मुलीकडे जाणार होत्या, कायमच्या. सामान भरायची खोकीसुद्धा येऊन पडली होती. मामाला वाटत होतं की त्यांनी जाऊ नये. हे सांगायला दोन जिने चढायचे आणि तोंड उघडायचं, एवढंच काम होतं. त्याऐवजी मामाने ब्लिन्त्स करायचे ठरवले.

त्याची सुरुवात वल्हांडणाच्या दिवसांत जिन्यात झाली होती. पेर्लाबाई सहज म्हणाल्या की साल्काच्या हातचे सफरचंद-चेरीचे ब्लिन्त्स खाऊन तीन वर्षं झाली, आता सिडनीत तसे कोण करणार. शवुओसला दुधातुपाचं खायचं असतं, ते का, याची आमच्याकडे अकरा कारणं आहेत. सगळ्या घरांत चीज भरलेले ब्लिन्त्स होतात. पेर्लाबाईंना चीज चालत नाही, पोट बिघडतं. म्हणून मामी त्यांच्यासाठी वेगळे करायची, फळं भरून. पेर्लाबाईंनी हे सांगितलं आणि मामा म्हणाला, "मी करतो ना. अगदी तसेच."

मी त्याच्या दोन पायऱ्या मागे उभी होते. खोटं बोलताना त्याची मान ताठ होते, तशी ती झाली होती, आणि मागून छान दिसत होती.

शवुओस गुरुवारी संध्याकाळी लागणार होता. मामाने सोमवारी सराव सुरू केला.

आधी फळं. जूनमध्ये मेलबर्नला चेरीच्या झाडावर चेरी सोडा, पानही नसतं. आमचे सण उत्तरेकडचे आणि आम्ही दक्षिणेकडचे, त्यामुळे पहिल्या फळांचा सण आम्ही स्वेटर घालून बाटलीतल्या फळांवर साजरा करतो. मामाने पोलिश दुकानातून आंबट चेरीच्या दोन बाटल्या आणल्या, सफरचंदं मी चिरली. तुपावर परतली तशी त्यांना पाणी सुटलं, आणि सुटतच राहिलं. मग मला वल्हांडणाचं बटाट्याचं पीठ आठवलं. त्या सणात गहू चालत नाही म्हणून प्रत्येक घरात ते आणतात, प्रत्येक घरात अर्धं उरतं आणि पुढच्या वर्षी नवीन आणेपर्यंत कपाटात बसून राहतं. दोन चमचे घातल्यावर सारण आवळून आलं. मामा म्हणाला, एवढं तर जमलं. हे खरं होतं. ते मी केलं होतं.

मग पीठ. पाकिटावर ग्लास लिहिलं होतं म्हणून मामाने घरातला सगळ्यात चांगला ग्लास काढला, फुटबॉल क्लबाने पंचवीस वर्षांच्या निष्ठेबद्दल दिलेला बिअरचा. त्या ग्लासाने एक ग्लास पीठ आणि तीन अंडी. जे तयार झालं त्याने बुटाचा तळ बसवता आला असता. मग त्याने चहाचा छोटा ग्लास घेतला. एवढंसं पीठ आणि अंडी तीच तीन. ऑम्लेट झालं. तिसऱ्या वेळी त्याने दोन्ही ग्लासांची सरासरी काढली आणि बुटाचा तळ घातलेलं ऑम्लेट झालं.

मी म्हटलं, इंटरनेटवर बघू, हजारो कृती आहेत.

"हजार माणसांचे चष्मे आहेत," मामा म्हणाला. "म्हणून कुणाचाही घालू?"

मग मी आईला फोन लावला. आई मामाची धाकटी बहीण, बेंटली उपनगरात राहते आणि कुठल्याही प्रश्नावर आधी उसासा टाकते. तिने उसासा टाकला आणि विचारलं की ग्लास कोणता म्हणजे काय, मेणबत्तीचाच ना, दुसरा कोणता असतो.

हे मला कळायला हवं होतं. आमच्या घरांत पुण्यतिथीला जी मेणबत्ती लावतात ती काचेच्या ग्लासात असते. ती चोवीस तास, कधी जरा जास्तच, जळते, संपते, मग ग्लास धुऊन कपाटात ठेवतात. टाकून काय द्यायचा, चांगला जाड ग्लास असतो. मी लहानपणी दूध पणजोबांतून प्यायले आणि संत्र्याचा रस एका आत्याआजीतून, आणि मला त्यात कधी काही विशेष वाटलं नाही. मामीकडे असे सहा ग्लास होते. तिचं सगळं माप त्यांचंच.

"मग ते सहा कुठे गेले?" मी विचारलं.

आईने दुसरा उसासा टाकला. मामी गेल्यावर आवराआवर तिनेच केली होती. ते ग्लास तिने वृद्धाश्रमाच्या जुन्या वस्तूंच्या विक्रीला देऊन टाकले होते. हे तिने इतक्या हळू सांगितलं की मला दोनदा विचारावं लागलं.

पण एक ग्लास घरात होता. मामीच्या पहिल्या पुण्यतिथीचा. पुढच्या वर्षापासून मेणबत्त्या पत्र्याच्या डब्यांत यायला लागल्या, पण ती पहिली काचेची होती. तो ग्लास मामाच्या उशाशी असतो, तो त्यातून झोपताना पाणी पितो.

मी म्हटलं, "मामा, तुझ्या उशाशी एक ग्लास आहे."

"तो ग्लास नाही."

"मग काय आहे?"

"साल्का आहे." मग थोड्या वेळाने म्हणाला, "तिच्यात पीठ मोजून दुसऱ्या बाईला खायला घालू?"

"पाणी तर पितोस."

"पाणी आमच्या दोघांतलं आहे, शेंडले."

त्यामुळे मंगळवारी सकाळी आम्ही नवी मेणबत्ती आणायला गेलो. शवुओसच्या दुसऱ्या दिवशी सिनेगॉगमध्ये मृतांसाठी प्रार्थना असते, म्हणून त्या आठवड्यात दुकानात मेणबत्त्यांचे ढीगच असतात. सगळे पत्र्याचे. दुकानदाराने मागच्या फळीवरून काचेची एक शोधून काढली, धूळ बसलेली, शेवटची. कुणासाठी, असं त्याने विचारलं. मामा म्हणाला, घरासाठी. दुकानदाराने मान हलवली आणि म्हणाला, तुम्हाला उदंड आयुष्य लाभो. आमच्याकडे कुणी गेलं की मागे राहिलेल्यांना असं म्हणायची पद्धत आहे. मामाने धन्यवाद दिले.

मी सुचवलं की ग्लास गरम पाण्यात ठेवून मेण वितळवून ओतून टाकू, पाच मिनिटांचं काम. मामाला ते पटेना. पुण्यतिथीची मेणबत्ती न लावता ओतून टाकायची म्हणजे कुणाचा तरी अपमान. कुणाचा, ते त्यालाही सांगता येईना. शेवटी त्याने ती दहा वाजता स्वयंपाकघराच्या ओट्यावर ठेवून पेटवली, खास कुणासाठी नाही, आणि आम्ही ग्लास रिकामा होण्याची वाट बघत बसलो.

अकरा वाजता पेर्लाबाई आल्या. सिडनीला कुंड्या नेता येणार नाहीत म्हणून त्या झाडं वाटत होत्या. आम्हाला रबराचं झाड मिळालं होतं. ते दारात टेकवून त्या आत आल्या आणि त्यांना मेणबत्ती दिसली.

मृतांच्या प्रार्थनेला अजून चार दिवस होते. मामीची पुण्यतिथी ऑगस्टमध्ये. पेर्लाबाईंना दोन्ही माहीत होतं. त्यांनी हात छातीशी नेला.

"कोण?"

मला मामाच्या चेहऱ्यावर सगळे नातेवाईक एकामागून एक सरकताना दिसले. बहीण नको, बहिणीचं सात दिवस सुतक असतं, घरात बसून राहावं लागतं. भाऊ नाही. मुलंबाळं नाहीत. अशा वेळी माणसाची विचारशक्ती किती लखलखीत होते ते मी त्या दिवशी पाहिलं.

"फिशेल," मामा म्हणाला. "सिडनीचा. माझा आतेभाऊ."

"अगंबाई. कधी?"

"अचानक."

पेर्लाबाई बसल्या. त्यांनी मामाला उदंड आयुष्य चिंतलं आणि फिशेल कसा होता ते विचारलं. फिशेल कंजूष आहे, हे मामाने मला लहानपणापासून सांगितलं होतं. त्याने मामाची सायकल एकदा नेली ती परत दिली नाही, हेही. आता मामाने सायकलीचीच गोष्ट सांगितली, पण उलटी. फिशेलने आपली सायकल त्याला दिली होती. सांगता सांगता मामाचा आवाज जड झाला. पेर्लाबाईंनी त्याचा हात थोपटला आणि मामाने तो तिथेच ठेवला. मी रबराच्या झाडाची पानं पुसायला घेतली.

निघताना पेर्लाबाई म्हणाल्या की आता ब्लिन्त्स वगैरे काही करायचे नाहीत. मामा म्हणाला की आतेभावाचं सुतक नसतं, शास्त्रात तसं स्पष्ट आहे.

"सुतक नसतं, लायबिश, पण मन असतं ना," त्या म्हणाल्या आणि वर गेल्या.

म्हणजे एका वाक्यात फिशेल गेला, ब्लिन्त्स गेले आणि ग्लास अजून भरलेलाच होता.

दुपारपर्यंत बातमी गल्लीत पोचली. ज्यांच्याकडे कुणी गेलं त्यांना गोल वस्तू खायला नेतात, म्हणून लोक उकडलेली अंडी आणि बेगल, म्हणजे मध्ये भोक असलेले पाव, घेऊन आले. प्रत्येकाने मेणबत्तीकडे बघून मान हलवली आणि फिशेल कोण ते विचारलं. संध्याकाळपर्यंत आमच्याकडे चार ताटं अंडी होती आणि फिशेलने तीन जणांना सायकली दिल्या होत्या.

सहा वाजता फोन वाजला. मी उचलला.

"शेंडल? लायबिश जिवंत आहे का?"

"आहे."

"मग मी कसा मेलो?" फिशेलने विचारलं.

झालं होतं असं. पेर्लाबाईंनी मुलीला फोनवर सांगितलं. मुलगी आणि फिशेल एकाच सिनेगॉगमध्ये जातात. ती फिशेलच्या बायकोचं सांत्वन करायला केक घेऊन गेली. दार फिशेलने उघडलं, अंगात गाऊन, हातात वर्तमानपत्र. मुलगी गोंधळून त्यालाच म्हणाली, तुम्हाला उदंड आयुष्य लाभो. फिशेल धन्यवाद म्हणाला, केक घेतला आणि मग विचारलं की कोण गेलं.

म्हणजे पेर्लाबाईंना कळलं होतं. मामाने छताकडे बघितलं. वरून काही आवाज नव्हता.

फिशेल रागावला नव्हता, उलट त्याला उत्सुकता होती. लोक काय म्हणाले, किती जण आले, अंडी किती. मामाने सगळं खरं सांगितलं, ग्लासापासून. फिशेलने ऐकून घेतलं. मग त्याच्या लक्षात आलं की मेणबत्ती अजून जळते आहे.

"विझवू नकोस," तो म्हणाला. त्याचा आवाज एकदम बदलला. "माझ्या नावाने लावली आहेस ना? मग विझवू नकोस. खिडक्या बंद कर."

मामाने त्याला समजावलं की असं काही नसतं. फिशेल म्हणाला, तुला काय माहीत, तू चष्मेवाला. त्यानंतर तो झोपेपर्यंत दर तासाला फोन करून ज्योत कशी आहे ते विचारत होता, आणि बुधवारी सकाळी सातपासून पुन्हा. आम्ही हळू चालत होतो. मी शिंक आली की बाल्कनीत जायचे. चौऱ्याहत्तर वर्षांचा एक माणूस आमच्या ओट्यावर जळत होता आणि आम्ही त्याला अंडी खाऊन सोबत करत होतो.

बुधवारी पेर्लाबाई खाली आल्या नाहीत. वरून फक्त चिकटपट्टीचा आवाज येत होता. खोकी बंद करताना ती फाडतात, तो. मामा प्रत्येक वेळी मान वर करायचा. दुपारपर्यंत त्याने नऊ खोकी ऐकली.

पावणेबाराला ज्योत एकदा मोठी झाली आणि गेली. मग टक् असा आवाज आला. ग्लास बरोबर मधून तडकला होता. मामाने दोन्ही तुकडे उचलले, उजेडात धरले, जशी घासलेली काच धरतो तसे, आणि पुन्हा ओट्यावर ठेवले.

फिशेलला सांगावंच लागलं. त्याने किती तुकडे झाले ते विचारलं. दोन, मामा म्हणाला. फिशेलने थोडा विचार केला आणि म्हणाला की तो तरीही डॉक्टरकडे जाऊन येईल.

गुरुवारी दुपारी दोन वाजता घरात सगळं होतं. पीठ, दूध, तीन अंडी, वाडगाभर सारण; नव्हता तो ग्लास, आणि ज्याच्यासाठी करायचे ते माणूस. सण लागायला तीन तास होते. मी मामाला म्हटलं की वर जाऊन बोल. तो म्हणाला, काय बोलू, रिकाम्या हाताने खोटारडा आलाय म्हणून सांगू? मग तो आत गेला आणि साल्का मामीचा ग्लास घेऊन आला. तो त्याने टेबलावर ठेवला आणि समोर बसला. मीही बसले. आम्ही तिघं झालो.

दार वाजलं. पेर्लाबाई होत्या. हात रिकामे, चेहरा सरळ.

"फिशेलची तब्येत कशी आहे?" त्यांनी विचारलं.

"बरी आहे," मामा म्हणाला.

"ऐकून बरं वाटलं. परवा तर अगदीच वाईट होती."

मामा उभा राहिला. मग त्याने सगळं सांगितलं, पण शेवटाकडून सुरुवातीकडे. फिशेल मेणबत्तीमुळे गेला, मेणबत्ती ग्लासासाठी होती, ग्लास पिठासाठी, आणि पीठ यासाठी की त्याला ब्लिन्त्स येत नाहीत, कधीच येत नव्हते, जिन्यात तो खोटं बोलला होता. त्याने फक्त सुरुवात सांगितली नाही, म्हणजे जिन्यात तो खोटं का बोलला होता ते.

"एका ग्लासासाठी तुम्ही माणूस मारलात," पेर्लाबाई म्हणाल्या.

"आतेभाऊ," मामा म्हणाला.

पेर्लाबाईंनी टेबलाकडे बघितलं. त्यांना ग्लास लगेच ओळखू आला. आमच्यातल्या कुणालाही येतो.

"हा कोणाचा?"

"साल्काचा."

त्या जवळ आल्या, पण त्याला हात लावला नाही. "यात मोजणार होतात?"

"नाही."

"मग टेबलावर कशाला काढलात?"

"विचारत होतो."

"तिला?"

"हं."

"मग काय म्हणाली?"

मामाने ते पाकीटच त्यांच्या हातात दिलं. पेर्लाबाईंनी चष्मा लावला. तो मामानेच केलेला होता, अकरा वर्षांपूर्वी, अजून चालतो. त्यांनी पाकीट पहिल्यापासून वाचलं, ओठ हलवत. शेवटच्या ओळीवर त्या थांबल्या आणि ती मोठ्याने वाचली.

"लायबिशला तव्याजवळ येऊ देऊ नये." त्यांनी पाकीट खाली ठेवलं. "बाईने सांगितलंय की स्वच्छ. अजून काय विचारायचं राहिलं?"

आणि त्या वर निघून गेल्या. मामाने माझ्याकडे बघितलं. मी खांदे उडवले. वरून पुन्हा चिकटपट्टीचा आवाज आला, पण या वेळी वेगळा, लांब आणि एका दमात. खोकं उघडतानाचा. मग दुसरं. मग तिसरं. चौथ्या खोक्यानंतर जिन्यात पावलं वाजली. पेर्लाबाईंच्या कमरेला एप्रन होता आणि हातात वर्तमानपत्रात गुंडाळलेलं काहीतरी. त्यांनी कागद सोडला. तसाच जाड ग्लास, तसाच काठ.

"बेनेक," त्या म्हणाल्या.

मामाने दोन्ही ग्लास शेजारी धरले, एक डोळा मिटून. "हा दोन चमचे मोठा आहे."

"तो तसाच होता," पेर्लाबाई म्हणाल्या. "चला. पीठ तिच्यात मोजा, दूध याच्यात. कुणी कुणाचं घेत नाहीये."

मामाने साल्का मामीत पीठ भरलं आणि वरून सुरीने सपाट केलं.

त्यानंतर त्याला तव्यापासून चार फरश्या लांब उभं करण्यात आलं. पेर्लाबाईंनी पीठ फेटून अर्धा तास झाकून ठेवलं, तवा तापवला, लोण्याचा बोळा फिरवला. पळीभर पीठ ओतायचं, तवा मनगटात फिरवायचा, जास्तीचं परत भांड्यात. कडा सुटल्या की तवा उलटा करून टेबलावरच्या पंच्यावर आपटायचा. पहिला फाटला.

"पहिला फुकट जातो, वाईट वाटून घेऊ नये," मामाने लांबून वाचून दाखवलं.

"मला येतंय वाचता," पेर्लाबाई म्हणाल्या.

दुसरा पातळ आला, इतका की खालच्या पंच्याच्या निळ्या रेघा दिसत होत्या. सारण भाजलेल्या बाजूवर ठेवायचं, दोन्ही कडा आत, मग गुंडाळायचं. हे काम मामाकडे आलं आणि तिथे कळलं की चाळीस वर्षं वाया गेली नव्हती. त्याने भरलेले ब्लिन्त्स एकमेकांवर ठेवले असते तर एकच दिसला असता. पेर्लाबाईंनी ते पाहिलं आणि पुढचे जास्त सावकाश आपटले.

आठव्या घडीवर मामा खाली बघतच म्हणाला, "सोमवारी विमान किती वाजता आहे?"

"साडेनऊ."

नववी घडी झाली. दहावी झाली.

"मी म्हणत होतो की," मामा म्हणाला.

"म्हणा."

"जाऊ नका."

पेर्लाबाईंनी तव्यात पीठ ओतलं, फिरवलं, जास्तीचं परत काढलं. तेवढ्यात फोन वाजला. मामाचे हात चेरीने माखले होते, मी लोणी वितळवत होते. पेर्लाबाईंनी डाव्या हाताने फोन उचलला, उजव्या हातात तवा. फिशेल होता, डॉक्टरकडून आलेला, रक्तदाब उत्तम. त्याने लायबिशला मागितलं असावं.

"तो कामात आहे. घड्या घालतोय," पेर्लाबाई म्हणाल्या.

पलीकडून कोण बोलतंय ते विचारलं गेलं असावं.

"तव्याजवळची," त्या म्हणाल्या आणि फोन ठेवला.

सतरा झाले. सगळे पुन्हा लोण्यात परतले, जोड खाली ठेवून, दोन्ही बाजूंनी सोनेरी. चाखायला म्हणून आम्ही तिघांनी एकेक उभ्याउभ्याच खाल्ला, आंबट साईबरोबर. चेरी गरम होती आणि मामाच्या शर्टावर उडाली. पेर्लाबाई म्हणाल्या की साल्काचे यापेक्षा बरे व्हायचे. मामा म्हणाला, हो. दोघंही खूश दिसले.

सण लागायला पाऊण तास होता. मी भांडी घासली आणि दोन्ही ग्लास पुसून ठेवले. बेनेकचा ग्लास पुन्हा कागदात गुंडाळायला घेतला तर पेर्लाबाईंनी कागद माझ्या हातातून काढून घेतला.

"राहू दे इथेच. विमानात काच फुटते."

मामा पंच्याची घडी करत होता. तो थांबला. "आगगाडीने नेला तर?"

"आगगाडीतही फुटते," पेर्लाबाई म्हणाल्या आणि एप्रनची गाठ सोडून तो दारामागच्या खिळ्याला अडकवला.

मामाने साल्का मामीचा ग्लास उचलला आणि आतल्या खोलीकडे निघाला. दारात तो जरासा घुटमळला. मग परत आला, कपाट उघडलं आणि तो बेनेकच्या शेजारी ठेवला, मध्ये थोडी जागा सोडून.

फाटलेला पहिला ब्लिन्त्स अजून बाजूच्या ताटात पडला होता. तो मी खाल्ला.